आना मान्यानीचा एकच सिनेमा बघायचा तर कुठला?

सांजवारा: आमच्या हौशी ग्रुपसाठी एकपात्री बसवतेय. सर म्हणाले, आना मान्यानी बघ, रोमच्या रंगभूमीवरून सिनेमात आलेली. शनिवारी संध्याकाळी दोनच तास मोकळे आहेत, तेव्हा प्लीज एकच नाव सांगा, यादी नको. अभिनय जवळून बघता आला पाहिजे एवढंच.

जुनी_रीळ: रोम, ओपन सिटी (१९४५). विषय संपला. जून १९४४ मध्ये जर्मन रोममधून गेले आणि पुढच्या जानेवारीत दिग्दर्शक रोसेलिनीने शूटिंग सुरू केलं, तेही फिल्मची मारामार असताना. पीनाचं, म्हणजे आनाच्या पात्राचं, लग्न त्याच दिवशी असतं, होणाऱ्या नवऱ्याला ट्रकमध्ये घालून नेतात, ती त्याच्या नावाने ओरडत मागे धावते आणि गोळी लागून रस्त्यातच पडते. दर वेळी अंगावर काटा येतो माझ्या. तो झाला की बेलिसिमा बघा, मग मामा रोमा.

तिकीट_खिडकी: अहो स्पॉयलर!! त्यांनी अजून बघितला नाहीये.

जुनी_रीळ: ऐंशी वर्षं झाली त्या सिनेमाला, आता कसला स्पॉयलर. आणि हे खरं घडलेलं आहे, तेरेसा गुलाचे नावाच्या गरोदर बाईला मार्च १९४४ मध्ये रोममध्येच जर्मन सैनिकाने असं मारलं होतं.

घाटमाथा: ऑस्करवालाच बघा ना, द रोझ टॅटू, १९५५. इंग्लिश आहे, सबटायटलची कटकट नाही. टेनेसी विल्यम्सने मूळ नाटक तिलाच डोळ्यासमोर ठेवून लिहिलं होतं, पण इंग्रजी कच्चं म्हणून ती ब्रॉडवेला गेली नाही. सिनेमा मात्र तिनेच केला. माझ्याकडे ओरिजिनल डीव्हीडी आहे, बाहेरून मागवलेली, प्रिंट एकदम क्लिअर.

पाऊलवाट: डीव्हीडीचं नाव काढू नका. मी रोम, ओपन सिटी ऑनलाइन मागवला तर सबटायटल इतकी मागे पडत होती की एकाचं बोलणं दुसऱ्याच्या तोंडी. पैसे गेले ते गेलेच.

तिकीट_खिडकी: रोसेलिनीने तिला सोडून इन्ग्रिड बर्गमनला घेऊन स्ट्रॉम्बोली केला, तेव्हा आनाने जवळच्याच बेटावर व्हल्कानो केला. मी दोन्ही बघितलेत, व्हल्कानो जास्त आवडला.

विंगेतून: धागाकर्तीने काय विचारलंय ते वाचा की. ताई, ही बाई रोमच्या नाट्य अकादमीत शिकली, नाइटक्लबात गायली, युद्धाच्या काळात तोतो या विनोदी नटाबरोबर रेव्ह्यू, म्हणजे गाण्या-नकलांचे कार्यक्रम केले, म्हणजे समोरचा प्रेक्षक हातात कसा ठेवायचा हे तिला पक्कं ठाऊक. म्हणून माझं मत बेलिसिमा, १९५१, दिग्दर्शक विस्कोन्ती. ती घरोघर इंजेक्शनं देणारी बाई असते, मुलीला सिनेमात घालायला धडपडते. आरशासमोर केस विंचरत, स्वतःशीच, अभिनय म्हणजे तरी काय असं बोलत बसते ना, तेवढा एक सीन नीट बघा. हात कंगव्यात आणि डोक्यात भलतंच चाललेलं, दोन्ही दिसतं. एकपात्रीच करताय तर लामोरे (१९४८) पण आहे, पहिला भाग म्हणजे फ्रेंच लेखक कोक्तोचं फोनवरचं नाटक, पण तो नंतर कधीतरी.

जुनी_रीळ: लामोरे नको, एक बाई नुसती फोनवर रडते. त्यातला दुसरा भाग, मिरॅकल, बघण्यासारखा आहे. न्यूयॉर्कने त्यावर बंदी घातली आणि १९५२ मध्ये अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टाने सिनेमालाही अभिव्यक्तिस्वातंत्र्य आहे म्हणून सांगितलं.

घाटमाथा: +१, फोनवाला नको. रोझ टॅटूच.

सांजवारा: सगळ्यांचे मनापासून आभार. मी लामोरेच बघणारे, आणि फोनवालाच भाग. पलीकडचा माणूस दिसत नाही, त्याचा आवाजही नाही, तरी तो काय बोलला ते हिच्या चेहऱ्यावर कळायला हवं, आणि माझी नेमकी हीच अडचण आहे, माझ्या एकपात्रीत समोर बसलेला मुलगा प्रेक्षकांना दिसतच नाही असं सर रोज म्हणतात. भाग छोटा आहे, दोन तासांत दोनदा बघून होईल. दुसऱ्यांदा आवाज बंद करून.

तिकीट_खिडकी: मग व्हल्कानो पुढच्या शनिवारी बघा.