चंद्रलेखा: रंगमंचापासून दूर गेलेली वर्षे वाया गेली का?

प्रश्न
मी बारा वर्षे भरतनाट्यम् शिकले, आता लहान मुलींचा वर्ग घेते आणि रात्री चित्रे काढते. वडीलधारी मंडळी सांगतात की कोणते तरी एकच धर. वाडा येथे जन्मलेल्या नर्तकी व नृत्यरचनाकार चंद्रलेखा (१९२८–२००६) यांनी ऐन उमेदीत नृत्य बाजूला ठेवून सुमारे दशकभर भित्तिपत्रके व लेखन केले. या खंडाने त्यांच्यातील नर्तकीचे नुकसान झाले असे जाणकारांना वाटते का?

उत्तर १
या प्रश्नाचे मूळ १९५२ मधील त्यांच्या अरंगेत्रममध्ये, म्हणजे रंगमंचावरील पहिल्या जाहीर कार्यक्रमात, आहे. तो कार्यक्रम रायलसीमेच्या दुष्काळनिधीसाठी होता. गुरू एल्लप्पा पिळ्ळै गात होते, चंद्रलेखा ‘मथुरा नगरिलो’ या नृत्यपदातील यमुनेची जलक्रीडा दाखवत होत्या, आणि त्याच क्षणी वर्तमानपत्रांत पाहिलेली भेगाळलेली जमीन व पाण्यासाठी रांगेत उभी असलेली माणसे डोळ्यांपुढे येऊन त्या थबकल्या. ज्या नर्तकीला पहिल्याच कार्यक्रमात कला आणि जगणे यांतील विसंगती अशी जाणवली, ती पुढे स्त्री-चळवळीची भित्तिपत्रके करू लागली, यात मला तरी खंड दिसत नाही.

उत्तर २
चित्रकलेच्या बाजूने पाहिले तर हे अधिक स्पष्ट होते. भित्तिपत्रकात एकच आकृती दुरून वाचता यावी लागते, आणि त्यांच्या रचनांत देह नेमका तसाच दिसतो. ‘श्री’मध्ये कणा वाकवून सरकणाऱ्या स्त्रिया आहेत, तर ‘यंत्र’मध्ये मांड्या व हात यांतून त्रिकोण उमटतात. १९८५ च्या ‘अंगिका’त देवादिकांच्या कथा व दागिने गाळून भरतनाट्यम्, योग आणि केरळची युद्धकला कलरिपयट्टू एकत्र आणले गेले. तुम्ही अरमंडीचे, म्हणजे गुडघे बाहेर वळवून अर्धे बसण्याच्या मूळ स्थितीचे, रेखाटन करून पाहा. गुडघे, कंबर आणि खांदे यांची भूमिती वर्गातील मुलींना समजावताना ते थेट कामी येईल.

उत्तर ३
वरील दोघांशी मी बहुतांशी सहमत आहे, परंतु देहाची किंमत विसरू नये. १९८४ मध्ये मुंबईच्या एनसीपीए या कलाकेंद्रातील पूर्व-पश्चिम नृत्यसंमेलनातून त्या नृत्याकडे परतल्या, तेव्हा पंचावन्न वर्षांच्या होत्या, आणि नंतरच्या रचना प्रामुख्याने इतरांच्या देहांवर उभ्या राहिल्या. त्यांचे शिकवणे म्हणजे हेच दीर्घ, संथ काम होते. त्यांच्या शिष्या, नर्तकी पद्मिनी चेट्टूर १९९१ पासून दहा वर्षे त्यांच्याबरोबर नाचल्या. पुढे ‘वॉल डान्सिंग’सारखी तीन तासांची रचना चेट्टूर यांनी कलादालनात, भिंतीलगत उभी केली. शिष्येकडे चित्र आणि नृत्य दोन्ही पोचली. म्हणून चित्रे जरूर काढा, पण रोजचा अडवूंचा, म्हणजे मूळ पदन्यासांचा, सराव मोडू देऊ नका.

प्रश्नकर्ती
आपणा सर्वांचे मनापासून आभार. अरमंडीच्या रेखाटनांपासून उद्याच्या वर्गाची सुरुवात करते. मुलींनाही पेन्सिल आणायला सांगितले आहे.