‘उतरवलेल्या’ तारा की ‘ढाल्या’ तारा?

मंद्र : कॅलिफोर्नियातील बेकर्सफील्ड येथील ‘कॉर्न’ या बँडचा १९९४ साली निघालेला पहिला अल्बम न्यू मेटल या रॉक संगीतातील शैलीचा आरंभ मानला जातो. त्यावरील एका लेखाचे भाषांतर करताना मी अडलो आहे. बँडचे दोन्ही गिटारवादक सात तारांच्या गिटारी नेहमीपेक्षा एक पूर्ण स्वर खाली लावतात, म्हणून मी ‘उतरवलेल्या तारा’ असे लिहिले. संपादकांचे म्हणणे असे, की ‘तंबोरा उतरला’ म्हणजे तो बेसूर झाला, आणि वाचकाचाही तसाच समज होईल. मग योग्य शब्द कोणता?

गजरा : संपादकांनी ‘उतरणे’ आणि ‘उतरवणे’ यांची गल्लत केलेली दिसते. हवामानाने वाद्य उतरते. उतरवतो तो वादक. गायकाचा आवाज बसलेला असला की तबलजी गजऱ्याला, म्हणजे तबल्याच्या काठावरच्या चामडी वेणीला, खालून हातोडीचे हलके ठोके देऊन तबला उतरवून घेतो, आणि त्याला कोणी बेसूर म्हणत नाही. आपला शब्द कायम ठेवावा.

षड्ज : मला ‘ढाला’ अधिक पसंत आहे. ढाला तबला, ढाला आवाज हे शब्द बैठकीत रुळलेले आहेत आणि त्यांत खालच्या स्वराबरोबर रुंदीही येते. उतार या अर्थाच्या ‘ढाळ’वरून तो आला असावा, असा माझा कयास आहे. या गिटारीची सर्वांत जाड तार एरवी पांढरी सातला (पेटीच्या सप्तकातील सातव्या पांढऱ्या पट्टीच्या स्वराला) लावतात, येथे ती पांढरी सहाला आहे. ‘ब्लाइंड’ या पहिल्याच गाण्यात आधी नुसती झांज वाजत राहते आणि मग गिटारी कोसळतात, तेव्हा ते रुंद वजन छातीला जाणवते.

सहावी तार : आम्ही गिटार वाजवणारे ‘डाउनट्यून करणे’ असेच म्हणतो. गिटार, बँड आणि अल्बम चालतात, मग याच शब्दाने काय पाप केले?

षड्ज : वस्तूचे नाव उसने घ्यावे लागते, परंतु क्रियेला आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्यांचा शब्द असताना उसनवारी का करावी?

कोशवाचक : ‘ढाला’ म्हटले की गोल, घुमारदार नाद आठवतो. येथे गिटारी खरखरतात आणि बेसच्या तारा खट्‌खट् आपटतात. त्यापेक्षा ‘खर्जात लावलेल्या’ म्हणावे.

गजरा : ‘खर्ज’ हे षड्जाचेच, म्हणजे सा च्या नावाचेच, रूप आहे, उत्तरेकडे ‘ष’चा उच्चार ‘ख’ होतो, त्यातून ते आले. तंबोऱ्याची खर्जाची तार खालच्या सा ची असते, आणि गिटारीच्या सातव्या तारेला असा सा ठरलेला नसतो.

कोशवाचक : बोलीत ‘खर्जातला आवाज’ म्हणताना षड्ज कोणाच्या मनात असतो? व्युत्पत्ती वापराला बांधून ठेवत नाही.

मंद्र : त्याच लेखात आणखी एक अडचण आहे. ‘डॅडी’ या शेवटच्या गाण्यात गायक जोनाथन डेव्हिस बालपणीच्या अत्याचाराविषयी गाता गाता कोसळून रडतो, आणि निर्माते रॉस रॉबिन्सन यांनी ते रडणे अल्बममध्ये तसेच ठेवले. मी ‘हंबरडा’ लिहिले आहे.

षड्ज : हंबरडा एकदम फुटतो. हे रडणे बराच वेळ चालते, त्यात हुंदके आहेत आणि मध्येच शिव्याही आहेत. ‘आक्रोश’ लिहा.

सहावी तार : आक्रोश मोर्चातही असतो. हा माणूस ओक्साबोक्शी रडतो आहे, तेवढेच लिहावे.