कराओकेसाठी पार्टी स्पीकर घ्यायचाय, बजेट १२ हजार, सगळे गायक साठीच्या पुढचे

सुलू_सातारा

नमस्कार मंडळी. शाहूपुरीत आमचा ज्येष्ठांचा गाण्याचा कट्टा आहे. दर बुधवारी संध्याकाळी वीस-पंचवीस डोकी जमतात. आजवर मोबाइल आणि एका मेंबरचा डब्याएवढा ब्लूटूथ स्पीकर यावर भागवलं. ट्रॅक मोठा केला की गाणारा नुसता तोंड हलवताना दिसतो, आणि बारीक केला की ताल सुटतो. म्हणून वर्गणी काढली, १२ हजार जमलेत. माइकसकट यातच बसवायचंय, तेही कोजागिरीच्या आत.

अडचण वजनाची आहे. कोजागिरी तिसऱ्या मजल्यावरच्या गच्चीत असते आणि लिफ्ट नाही. उचलणाऱ्यांत एकाच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, दुसरे "मी उचलतो" म्हणतात पण त्यांच्या सौ. उचलू देत नाहीत. चाकं आहेत म्हणून दुकानदार कौतुक सांगतो, पण जिन्यात चाकांचं काय करू?

परवा दुकानात गेले तर त्या मुलाने आवाज ऐकवायच्या आधी दिवे लावून दाखवले. "काकू, दहा हजार वॅट!" मी म्हटलं, अरे बाळा, माझा गिझर दोन हजारांचा आहे. मग म्हणाला, यात व्होकल कटचं बटण आहे, कुठलंही गाणं लावा, आवाज गायब, कराओके तयार. हे खरं असतं का? आणि डब्यात दोन वायरलेस माइक फुकट येतात ते बरे असतात का? दिवे नसले तरी चालतील. आमच्यातल्या दोघांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, त्यांना ती चमचम सोसत नाही.

पुणेरी_बेस

काकू, फार विचार करू नका. जेबीएल पार्टीबॉक्स एन्कोर इसेन्शियल. १०० वॅट, सहा तास बॅटरी, माइकचं सॉकेट आहे, थोडं पाणी उडालं तरी चालतं, दिवे बंद करता येतात आणि वर हँडल आहे. थोडं बजेट वाढवा आणि घेऊन टाका.

सुलू_सातारा

"थोडं" किती ते दुकानात बघून आले. एवढी वर्गणी पुन्हा मागितली तर कट्टाच मोडेल.

साउंडवाला_मिरज

ताई, माझा मंडप आणि साउंडचा धंदा आहे. लग्न, बारसं, सभा, भजन, सगळं करतो. असले पार्टी स्पीकर मी भाड्याने देत नाही, पण बिघडले की लोक माझ्याकडेच आणतात, त्यामुळे आतून बरेच बघितलेत.

आधी वॅटचं. दहा हजार हा पीएमपीओचा आकडा, म्हणजे क्षणभराच्या कमाल ताकदीचा, कागदावरचा. खोक्यावर "आरएमएस" शोधा, म्हणजे सतत टिकणारी खरी ताकद. तो लिहिलेलाच नसेल तर पुढे बघू नका. गणित सोपं आहे. स्वस्त ट्रॉली स्पीकरमध्ये बहुतेक वेळा १२ व्होल्ट ७ अँपिअर-अवरची बॅटरी असते, म्हणजे ८४ वॅट-अवर. खरोखर दहा हजार वॅट ओढले तर ती अर्ध्या मिनिटात संपेल! तुमच्या खोलीला ४० वॅट आरएमएस भरपूर झाले. गच्चीत भिंती नसतात, आवाज पसरतो, म्हणून ६० ते ८० धरा. एक आठ इंची स्पीकर असलेला चांगला. दोन बारा इंचीच्या मागे लागू नका, ते तुमच्या जिन्यातून जायचे नाहीत.

बॅटरी कुठली आहे ते मुद्दाम विचारा. लेड-ॲसिडची असेल तर वजन वाढतं, आणि रिकामी ठेवून माळ्यावर टाकली तर मरते, आत सल्फेट बसतं. गणपतीत वापरून कपाटात ठेवलेला स्पीकर संक्रांतीच्या हळदीकुंकवाला चालू होत नाही, मग लोक कंपनीला शिव्या घालतात. तुमचा दर बुधवारी चालणार, म्हणून तुम्हाला ती भीती कमी. शिवाय ती गेली तर यूपीएसच्या बॅटरीच्या दुकानात तशीच दुसरी मिळते. लिथियम हलकी असते, तुमच्या गुडघेवाल्यांना तीच सोयीची, पण गेल्यावर त्या मापाची मिळवायला फिरावं लागतं.

आता माइक. तुमचा खरा प्रश्न इथेच आहे आणि लोक नेमके इथेच पैसे वाचवतात. फुकट येणारे वायरलेस माइक हातात घेतलेत तरी कळतं, पोकळ लागतात. जाळीपासून जरा लांब गेलं की आवाज पातळ होतो, सेल उतरले की खरखर, आणि दोन्ही एकाच फ्रिक्वेन्सीवर असले तर एकमेकांना खातात. ते निवेदनाला ठेवा. गाण्यासाठी वायरचा डायनॅमिक माइक (ज्याला वेगळी वीज लागत नाही) वेगळा घ्या. अहुजा कंपनीचा साधा माइक आमच्याकडे शाळांच्या स्नेहसंमेलनांत आपटून आपटूनही चालतोय. १२ हजारांतले दीड-दोन हजार आधी माइक आणि वायरसाठी बाजूला काढा आणि उरलेल्यात स्पीकर बसवा. उलटं करू नका.

कंडेन्सर माइक कोणी गळ्यात मारला तर घेऊ नका. त्याला फँटम पॉवर, म्हणजे माइकच्या वायरमधूनच मिळणारी वीज लागते, या स्पीकरमध्ये ती नसते.

आणि मागचं पॅनल बघा. मला तीन गोष्टी लागतात: माइकचा आवाज वेगळ्या नॉबवर, इको वेगळ्या नॉबवर, आणि मोठ्या जॅकचं सॉकेट. माइक आणि ट्रॅक एकाच नॉबवर असले तर तुमचा आजचा त्रास तसाच राहणार, फक्त मोठ्या आवाजात. ट्रॅक बंद करून "हॅलो हॅलो" करून बघा. काही स्पीकर गाणं थांबलं की थोड्या वेळाने स्वतःच झोपतात, मग दोन गाण्यांच्या मध्ये निवेदन करणाऱ्याची पंचाईत होते.

व्होकल कटबद्दल. स्टिरिओ गाण्यात गायकाचा आवाज सहसा मधोमध असतो, म्हणजे डाव्या-उजव्या बाजूला सारखाच. ते बटण एक बाजू दुसरीतून वजा करतं. सारखं ते जातं, पण त्याबरोबर बेस आणि ढोलकही बरंचसं जातं. तुम्ही जी गाणी गाता ती जुनी, बहुतेक मोनो. मोनोत दोन्ही बाजू सारख्याच, मग वजा केल्यावर उरणार काय? दुकानदाराला सांगा, हे बटण जुन्या गाण्यावर लावून दाखव.

काळी_चार

मिरजकरांना शंभर टक्के अनुमोदन. मी ठाण्याच्या एका कराओके ग्रुपमध्ये गाते. एक गोष्ट कोणी बोललं नाही: पट्टी. यूट्यूबवरचे ट्रॅक मूळ गाण्याच्या पट्टीत असतात आणि जुन्या बाईगाण्यांची पट्टी आमच्या वयात झेपत नाही. वरच्या सा ला पोचलो की सगळ्या जणी माइक तोंडापासून लांब नेतात, जणू माइकच दोषी आहे! या बजेटमधल्या स्पीकरवर पट्टी बदलायचं बटण बहुधा नसतं, असलंच तर बोनस समजा. मोबाइलवर पट्टी खालीवर करणारी ॲप आहेत. वेग तसाच ठेवून दोन-तीन स्वर उतरवता येतात. प्रत्येक मेंबरची पट्टी वहीत लिहून ठेवा, म्हणजे बुधवारी अर्धा तास "अजून खाली, नको, जरा वर" यात जात नाही.

तुमच्याकडे टीव्ही असेल तर शब्द त्यावर लावा, मोबाइलची अक्षरं दिसत नाहीत. पण मग टीव्हीचा आवाज ब्लूटूथने नका देऊ. ब्लूटूथला आवाज थोडा मागून येतो, शब्दांचा रंग आधी बदलतो आणि माणूस घाईने आधीच सुरू करतो. आमच्याकडे एक काका दर वेळी अंतऱ्यात ट्रॅकच्या पुढे निघून जायचे, आम्हाला वाटायचं त्यांचं लयीचं अंग कच्चं. ऑक्सची वायर (हेडफोनच्या भोकातून स्पीकरला जाणारी) लावली आणि काका तालात आले. टीव्हीला हेडफोनचं भोक आहे का ते आधी बघा, नव्या टीव्हींना पुष्कळदा नसतं.

सुलू_सातारा

पट्टीची वही फार आवडली. आमच्याकडे "काळी दोन" म्हणून बसलेले एक जण गायला लागले की पांढरी एकलाही हाशहुश करतात, पण ते मान्य कोण करणार.

मिरजकर, माइकवर शिट्टी येते त्याचं काय करायचं? गेल्या वर्षी भाड्याने आणला तेव्हा अख्खी कोजागिरी ती शिट्टीच ऐकली.

साउंडवाला_मिरज

गाणारा स्पीकरच्या मागे, स्पीकर लोकांकडे तोंड करून. गाणारा समोर उभा राहिला की माइक स्पीकरचाच आवाज परत उचलतो, तीच शिट्टी. स्पीकर कोपऱ्यात जमिनीवर नको, आवाज घुमतो. स्टुलावर ठेवा, कानाच्या उंचीला. माइकची जाळी मुठीत धरू नका (सिनेमात बघून सगळे तसंच धरतात). इको अर्ध्याच्या खाली. शिट्टी आलीच तर माइकचा नॉब बारीक करा, लोक घाबरून माइकवर हात ठेवतात आणि ती वाढते.

पंचवीस जण एकच माइक तोंडाशी धरणार, तर जाळी फिरवून काढा, आतला स्पंज साबणाच्या पाण्यात धुवा आणि पूर्ण वाळल्यावरच बसवा.

गच्ची_नको

कोजागिरी म्हणजे मध्यरात्र. उघड्यावर लाउडस्पीकर रात्री १० ते सकाळी ६ बंद, ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांत आहे. राज्य सरकार वर्षात जास्तीत जास्त १५ दिवस बारापर्यंत सूट देऊ शकतं. जिल्हाधिकाऱ्यांच्या यंदाच्या यादीत कोजागिरी आहे का ते बघून घ्या. आमच्या शेजारच्या गच्चीवर कोणीच बघत नाही, म्हणून लिहिलं.

सुलू_सातारा

आम्ही साडेसातला सुरू करून दहाला दूध पितो, बाराला जागं कोण राहतंय. तरी चौकशी करते.

ठरलं ते असं: साडेदहा हजारांपर्यंत स्पीकर, आठ इंची, लिथियम, आरएमएस छापलेला. शनिवारी जाणार, यंदा गुडघेवाल्यांनाच घेऊन, त्यांनी उचलून बघायचा. माइक आधीच विकत घेऊन पिशवीत नेते आणि तिथेच लावून गाते. दहा हजार वॅटवाला मुलगा पळून गेला तर कळवते. माइकची वायर किती मीटरची घेऊ?

साउंडवाला_मिरज

पाच मीटर, खोली आणि गच्ची दोन्हीला चालेल. स्पीकरकडच्या टोकाला मोठा जॅक, ६.३५ मिलिमीटरचा. दुकानदार मोबाइलचा छोटा जॅक आणि वर कन्व्हर्टर देईल, तो घेऊ नका, दोन महिन्यांत सैल होतो.