कोजागिरीला गावात मूकपट: वेग, पाट्या आणि पेटी

वडसा_पट्टी:
शाळेच्या पटांगणावर बस्टर कीटनचा 'सेव्हन चान्सेस' (१९२५) दाखवतो आहोत. प्रोजेक्टर ३००० ल्युमेनचा, पडदा ८ बाय ६ फूट. झाडीपट्टी नाटकातले पेटीवाले अन् ढोलकीवाले वाजवायले तयार आहेत. पण आमच्या फाईलमधी माणसं तुरुतुरु पळतात. वेग किती ठेवावा? मधेमधे संवाद दाखवणाऱ्या इंग्रजी पाट्यांचं काय करावं?

जुनी_रीळ:
तेव्हा कॅमेऱ्याचा दांडा हातानं फिरवत. सेकंदाला १६ ते २४ चौकटी (चित्रं), एक असं ठरलेलं प्रमाण नव्हतं. १८ नं घेतलेलं २४ नं चालवलं की हालचाल एक तृतीयांशानं वाढते. व्हीएलसीत (संगणकावर चित्रपट चालवायच्या प्रोग्राममधे) वेग ०.९ करून पाहा, पण पाठलागावरून ठरवू नका. पाठलाग मुद्दाम दांडा हळू फिरवून घेत, तो जलदच दिसला पाहिजे. सुरुवातीचं फाटकापाशीचं दृश्य घ्या: ऋतू बदलतात, पिल्लाचा मोठा कुत्रा होतो, तरी नायकाच्या तोंडून प्रेमाचा शब्द निघत नाही. तिथं चालणं साधं वाटलं की थांबा. ०.८५ च्या खाली गेलात तर पडण्यातला झटका जातो, मग हसू येण्याऐवजी माणसाला लागलं असं वाटते.

पेटी_तबला:
फाटकापाशी पेटी एकटीच वाजू द्या. ढोलकीची थाप पाय घसरताना नाही, अंग भुईला लागताना. प्रत्येक पडण्यावर तर नाहीच. शेवटी डोंगरावरून दगड गडगडतात, तिथं लहान दगडांना हळू सुरू करा. आधीच जोर खर्चला तर मोठ्यांना काही उरत नाही. हशा चालू असताना हात थांबवा.

पाट्या एकानंच वाचाव्या, झाडी बोलीत, एकेक ओळ, पाटी जायच्या आत. पुढची गंमत आधी फोडायची नाही. मृत्युपत्राचा कागद मात्र सावकाश सांगा: सत्ताविसाव्या वाढदिवशी संध्याकाळी ७ च्या आत लग्न झालं तरच नायकाला ७० लाख डॉलर. हे निसटलं तर एवढ्या नवऱ्या काहून धावतात, कोणालेच समजत नाही.

जुनी_रीळ:
आणखी दोन-तीन गोष्टी. फाईलचा आवाज बंदच ठेवा. चित्रपट जुना असला तरी नव्या पार्श्वसंगीताचे हक्क वेगळे असतात. यात गोऱ्या नटानं तोंड काळं करून केलेला नोकर आहे. ते अपमानास्पद आहे, मुलांना आधीच स्पष्ट सांगा. चांदण्यानं फारसं बिघडत नाही, खांबावरचा दिवा मात्र बंद करवून घ्या. दवानं कपडा सैल पडतो, म्हणून खालच्या काठात बांबू ओवून दोन्ही टोकं खुंट्यांना बांधा.