प्राथमिक हुकूमनाम्यावर फेरफार (सातबाऱ्यावरची नोंद) होत नसतो

वाटणीच्या दाव्यात कोर्टानं एक तृतीयांश हिस्सा दिला तरी तलाठी सातबाऱ्याला नाव लावेना, असा प्रश्न तुम्ही विचारलाय. तुमच्या हातात आहे तो प्राथमिक हुकूमनामा. त्यात हिस्सा ठरतो, बांध ठरत नाही. शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होतं: तहसील, भूमी अभिलेखची मोजणी, वाटपाचा नकाशा, मग ताबा. गावठाणातल्या घराचं वाटप मात्र कोर्टानं नेमलेला कोर्ट कमिशनर करतो. कोर्टातून कागद तहसीलला गेलेत का, ते आधी जावक क्रमांकासह बघा. गाडं बहुतेक इथंच अडतं.

मोजणीच्या दिवशी विहीर, बोअर आणि बैलगाडीची वाट पंचनाम्यात लिहून घ्याच. विहीर एकाच्या वाट्याला गेली अन् पाण्याची पाळी कागदावर नसली, की पहिल्याच उन्हाळ्यात नवा दावा.

आणि बहिणी पक्षकार आहेत ना? हिंदू वारसा कायद्यातल्या 2005 च्या दुरुस्तीनं मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका हक्क दिला; सर्वोच्च न्यायालयाच्या विनीता शर्मा निकालानुसार (2020) वडील त्याआधी वारले असले तरी मुलीचा हा हक्क जन्मतःच. अंतिम हुकूमनामा होईपर्यंत हिस्से बदलू शकतात. जमीन वडिलोपार्जित असल्याचा वाद निघाला तर मराठवाड्यात असाल तर 1954-55 च्या खासरा पाहणीची (जुन्या जमीन नोंदीची) नक्कल काढून ठेवा.