सही झाली म्हणजे सुटलो, असं नाही

'घटस्फोटाच्या मध्यस्थीत सही झाली की सगळं मिटलं' असं म्हणतात, ते अर्धंच खरं. ठाण्यात माझ्या मावसबहिणीचं पोटगीवर दोन बैठकांत जमलं. घोडं अडलं ते पाटल्या आणि आजीच्या तांब्याच्या घंगाळावर! (आलं परत शेवटी, पोचा पडून.) पण ४९८अ, म्हणजे सासरच्या छळाची फौजदारी केस (आता भारतीय न्याय संहितेचं कलम ८५), नुसत्या सहीने संपत नाही. ती केस रद्द करायला हायकोर्ट गाठावं लागतं, तिथे बायकोचं संमतीचं प्रतिज्ञापत्र लागतं. म्हणून पोटगीचा शेवटचा हप्ता केस रद्द होईल त्याच दिवशी ठेवा, आणि तसं करारात लिहून घ्या. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३ब चे, म्हणजे परस्पर संमतीच्या घटस्फोटात थांबायचे सहा महिने, सुप्रीम कोर्टाच्या २०१७ च्या अमरदीप सिंग निकालानंतर कोर्ट माफ करू शकतं. अर्ज मात्र आपणच करायचा.