अपिलाची मुदत टळली, विलंब माफी मिळेल का? (शिवाजीनगर कोर्ट)

मुळशीकर
वडील आणि चुलते यांच्यात मुळशीतल्या जमिनीच्या वाटपाचा दावा होता. शिवाजीनगरला वरिष्ठ स्तर कोर्टात प्राथमिक हुकूमनामा (कुणाचा किती हिस्सा ते ठरवणारा) आमच्या विरोधात गेला. निकालानंतर आठवडाभरातच वडिलांना अर्धांगवायूचा झटका आला, ससूनला दाखल केलं. निकाल लागल्याचं आधीच्या वकिलांनी कळवलंच नाही. फोन केला की "तारीख पडलीये" एवढंच. तहसीलमधून वाटपाची नोटीस आली तेव्हा उलगडा झाला. तोवर सात महिने उलटले होते. नवे वकील म्हणतात विलंब माफीचा अर्ज टाकू. मिळते का माफी? आणि तोवर वाटप थांबेल का?

सदाशिवकर
एवढी घाई कशाला? अंतिम हुकूमनामा होऊ द्या, मग त्यावर अपील करा. मुदत नव्याने मिळते.

निवृत्त शिरस्तेदार
सदाशिवकर, असले सल्ले देऊ नका, लोक जमिनीला मुकतात. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 97 वाचा. प्राथमिक हुकूमनाम्यावर अपील केलं नाही, तर अंतिम हुकूमनाम्याच्या अपिलात तो चूक होता असं म्हणता येत नाही. हिस्से प्राथमिकमध्येच ठरतात. पुढे उरतं ते कुणाचा बांध कुठून जाणार एवढंच.

मुळशीकर, जिल्हा न्यायालयात अपिलाला 30 दिवस असतात, हायकोर्टात 90. त्यापुढे गेलात की 1963 च्या मुदतीच्या कायद्याचं कलम 5, म्हणजे "पुरेसं कारण". सात महिने ऐकून घाबरू नका. 1998 च्या बालकृष्णन निकालात उशीर 883 दिवसांचा होता आणि तक्रार तुमचीच, वकिलाने कळवलं नाही. सुप्रीम कोर्टाने माफ केला. उशीर किती झाला यापेक्षा कारण पटतं का, ते बघा, असं तो निकाल सांगतो. पण त्या पक्षकाराने नुसता वकिलावर ठपका ठेवला नव्हता, ग्राहक मंचात जाऊन वकिलांकडून 50 हजार भरपाईचा हुकूमही मिळवला होता. (ती वाट आता बंद आहे. 2024 मध्ये सुप्रीम कोर्टाने वकिलांना ग्राहक कायद्यातून वगळलं.) तेव्हा तुमच्याकडेही काहीतरी कागद हवा. व्हॉट्सअ‍ॅपवरचं "तारीख पडलीये" असेल तर छापून जोडा.

आता निकालाच्या नकलेचं. सही-शिक्क्याच्या नकलेवर तीन तारखा असतात: अर्ज कधी केला, नक्कल तयार कधी झाली, हातात कधी दिली. मुदतीच्या कायद्याच्या कलम 12 प्रमाणे नकलेला लागलेले दिवस वजा होतात, पण अर्ज मुदतीच्या आत केला असेल तरच. तुम्ही नोटीस आल्यावर केला असणार, म्हणजे वजावट नाही. तरी ते दिवस अर्जात तारीखवार लिहा. माझ्या टेबलावरून गेलेल्या अर्जांत नोटीस कळल्यापासून अपील दाखल होईपर्यंतचा काळ हमखास कोरा असायचा, आणि समोरचे वकील नेमके तिथेच बोट ठेवायचे.

आजारपण निकालानंतर आठवडाभरातलं आहे, हे तुमच्या पथ्यावर पडतं. मुदत संपल्यावर कोणी आजारी पडलं, तर पहिल्या 30 दिवसांत काय करत होतात, हा प्रश्न येतोच.

वाटप थांबण्याचं मात्र अवघड आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 41 नियम 3अ प्रमाणे उशिराच्या अपिलासोबत शपथपत्रासह माफीचा अर्ज लागतो, आणि कोर्ट अपील ऐकायचं ठरवत नाही तोवर स्थगिती देता येत नाही. आधी चुलत्यांना नोटीस, त्यांचं म्हणणं, मग माफीचा निर्णय. म्हणून नोटिशीची फी त्याच दिवशी भरा आणि बेलिफाच्या (नोटीस बजावणाऱ्या कोर्टाच्या माणसाच्या) मागे लागा. चुलत्यांचे पत्ते जुने असतील तर आत्ताच दुरुस्त करून घ्या, "पत्त्यावर राहत नाही" शेऱ्याने दोन तारखा सहज जातात.

रविवारपेठ
सरकारी खात्यांना वर्षानुवर्षांचा उशीर माफ, आणि आमच्यासारख्यांना सतरा प्रश्न!

निवृत्त शिरस्तेदार
पूर्वी तसं चालायचं, नाकारत नाही. पण 2012 मध्ये टपाल खात्याचा 427 दिवसांचा उशीर सुप्रीम कोर्टाने माफ केला नाही. फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती, हे कारण चालणार नाही म्हणाले. उलट उदारपणासाठी जो तो 1987 चा काटिजी निकाल दाखवतो, त्यात उशीर होता चारच दिवसांचा! ते वकीलमंडळी सांगत नाहीत.

मुळशीकर
खूप आभार, काका. व्हॉट्सअ‍ॅपवरचे मेसेज आहेत. वडिलांना सही करता येत नाही, शपथपत्र मी केलं तर चालेल?

निवृत्त शिरस्तेदार
त्यांना समजत असेल तर अंगठा घ्या, मजकूर वाचून दाखवल्याची ओळ खाली हवी. सोबत तुमचं वेगळं शपथपत्र द्या, कारण फोन तुम्ही केले होते, ते तुम्हालाच माहीत. आणि डिस्चार्ज कार्डावरचं वडिलांचं नाव दाव्यातल्या नावाशी ताडून बघा. एकीकडे पाळण्यातलं आणि दुसरीकडे सातबाऱ्यावरचं असेल, तर दोन्ही नावं एकाच माणसाची, असं शपथपत्रात लिहून टाका.